मंगळ आणि गुरूच्या मध्ये

माझ्या वडिलांनी एक ग्रह तयार केला होता. ‘शोधला’ असं ते म्हणायचे. पण ग्रह शोधायचा तर माणसाने निदान गच्चीवर तरी जायला हवं, आणि बाबा रात्री नऊला दिवा मालवणारे. रेल्वेच्या कचेरीत त्यांचा जन्म गेला तो गाड्यांच्या वेळा जुळवण्यात. कोणती गाडी कुठे थोपवायची आणि कोणती आधी काढायची, यात त्यांचा हात धरणारा कोणी नव्हता. आकाशाकडेही ते त्याच नजरेने बघत. मंगळ आणि गुरू यांच्यामध्ये त्यांना एक लाइन मोकळी दिसली आणि तिच्यावर त्यांनी एक गाडी सोडून दिली.

त्या ग्रहाचं नाव मध्यस्थ. आमच्याकडे लग्न जुळवणाऱ्या माणसालाही मध्यस्थच म्हणतात, आणि ग्रहाचं कामही तेच होतं. जिच्या पत्रिकेत मंगळ आहे, म्हणजे जिच्याशी लग्न केलं तर नवरा जगत नाही असं लोक मानतात, तिच्या पत्रिकेत मध्यस्थ योग्य घरात बसला की मंगळाचा दोष उतरतो. एवढाच त्याचा गुण. धन, विद्या, परदेशगमन असल्या भानगडीत तो पडत नसे.

हे सगळं अगदीच हवेतून आलेलं नव्हतं, हेही सांगायला हवं. तरुणपणी बाबांनी कुठल्याशा मराठी मासिकात एक लेख वाचला होता. सूर्यापासूनच्या ग्रहांच्या अंतरांचा एक जुना हिशेब आहे. त्या हिशेबाने मंगळ आणि गुरूच्या मध्ये एक ग्रह असायला हवा होता. सापडले ते नुसते खडक. तेव्हा काही शास्त्रज्ञांना वाटलं की इथे पूर्वी ग्रह होता आणि तो फुटला. बाबांनी मासिक तिथेच मिटलं. मी पुढे भौतिकशास्त्र शिकले, शाळेत शिकवू लागले, त्यामुळे त्या लेखात पुढे काय असायला हवं होतं ते मला ठाऊक आहे. तिथला ग्रह फुटला नाही, कारण तो झालाच नव्हता. शेजारी गुरूसारखा धटिंगण. त्याच्या ओढाताणीत ते खडक एकमेकांना चिकटू शकले नाहीत. आणि सगळे गोळा करून त्यांचा लाडू वळला तरी तो आपल्या चंद्राएवढासुद्धा व्हायचा नाही.

हे मी बाबांना कितीदा सांगितलं. ते म्हणायचे, ‘‘फुटला तरी वजन कुठं जाते? तुकडे फिरूनच राहिले न तिथं?’’

‘‘बाबा, फुटला नाही तो.’’

‘‘बरं, नाही फुटला. पण आहे न काहीतरी?’’

काहीतरी होतंच.

लेखातून जे मिळालं नाही ते बाबांनी पदरचं घातलं. मंगळ तापट, गुरू शहाणा. एकदा दोघांची जुंपली. कशावरून, ते बाबा सांगत नसत. मध्ये एक तिसरा ग्रह होता, गरीब स्वभावाचा. तो समजूत घालायला गेला आणि दोघांच्या ढकलाढकलीत फुटला. दोघांना पश्चात्ताप झाला. तेव्हापासून त्याचा शब्द दोघं मोडत नाहीत. ही कथा बाबा फलाटावरच्या घोषणेसारखी सरळ सुरात सांगत, त्यामुळे ऐकणाऱ्या बायकांना ती जुनीच असणार असं वाटे. आई स्वयंपाकघरातून म्हणायची, ‘‘मधात पडणाऱ्याचं असंच होते बापा.’’

प्रत्येक ग्रहाला एक धान्य असतं. मंगळाला मसूर, गुरूला हरभऱ्याची डाळ. मध्यस्थाला बाबांनी लाखोळी दिली. लाखोळी विदर्भातही होते आणि छत्तीसगढातही. इथे तिला तिवरा म्हणतात. तुरीच्या डाळीत व्यापारी ती बेमालूम मिसळतात आणि खाणाऱ्याला पत्ता लागत नाही. बाबांनी ती निवडताना हा विचार केला होता की नाही, कोण जाणे. मी एकदा तसं बोलून दाखवलं तर ते नुसते हसले.

लोकांनी हा ग्रह मुकाट्याने मानला कसा, याचं मला बरेच दिवस नवल वाटे. मग लक्षात आलं, की हे आम्हा मराठी माणसांतच जमण्यासारखं होतं. आपल्याकडच्या पत्रिकेत हर्षल आणि नेपच्यून कधीच येऊन बसलेत. आपल्या आज्या-पणज्यांनी त्यांचं नावही ऐकलं नव्हतं, पण आज पत्रिका उघडली की ते घरच्यासारखे आत असतात. रायपूरचे हिंदी पंडित आमच्या पत्रिका हातात घेऊन विचारत, ‘‘ये हर्षल कौन हैं जी?’’ आणि आम्ही जरा ऐटीत सांगायचो की ते आमच्यात असतं. जिथे दोन नवे खपले तिथे तिसरा आला, तर कोण कशाला विचारतो? बिनदिक्कत बसला.

पत्रिका करणं हा बाबांचा धंदा नव्हता. आम्ही मूळचे वर्ध्याकडचे. रेल्वेच्या नोकरीने रायपूरला आलो आणि चौबे कॉलोनीत घर बांधून इथलेच झालो. रायपुरातली बहुतेक मराठी घरं अशीच: कोणी रेल्वेत, कोणी वीजखात्यात, कोणी शाळेत. मुलं आपसात हिंदी बोलायची, आईबापांना उत्तरंही हिंदीतच द्यायची. पण लग्न म्हटलं की स्थळ नागपूर, अमरावती, अकोल्याचंच लागे, आणि तिकडचे लोक आधी पत्रिका मागवत. मंगळ निघाला की पत्रिका परत. आपल्या मातीपासून लांब राहणाऱ्या माणसांची मुलगी आधीच जरा दुय्यम धरली जायची, त्यात हे. एकदा ब्राह्मणपारा या जुन्या वस्तीतली एक बाई बाबांपुढे येऊन बसली. नवरा गेलेला, मुलीचं वय वाढलेलं, पत्रिका किती ठिकाणांहून परत आली ते तिला सांगवेना. ती रडत होती आणि बाबांना बायकांचं रडणं मुळीच सहन होत नसे. त्या संध्याकाळी मध्यस्थ जन्माला आला, असा माझा अंदाज आहे. त्या मुलीचं लग्न तीन महिन्यांत झालं.

मग एकीचं ऐकून दुसरी. बाबा सगळ्यांना चहा पाजत, कोणाकडून नारळापलीकडे काही घेत नसत. मध्यस्थ साडेचार वर्षांत सूर्याभोवती एक फेरी करतो, असं त्यांनी ठरवलं होतं, आणि विज्ञानाच्या दृष्टीने ते चूक नव्हतं. पण फेरी कुठून सुरू होते हे गुपित. कॉलेजात असताना मी एकदा त्यांना पकडलं. एकाच आठवड्यात जन्मलेल्या दोन मुली. एकीच्या पत्रिकेत मध्यस्थ सिंहेत आणि दुसरीच्या थेट मकरेत.

‘‘बाबा, हा आठवड्यात पाच राशी धावला?’’

बाबांनी दोन्ही पत्रिका पाहिल्या, चष्मा काढला, पुसला आणि म्हणाले, ‘‘त्या आठवड्यात वक्री होता.’’

मी हसून लोटपोट झाले. ते मात्र हसले नाहीत.

माझ्याही पत्रिकेत मंगळ होता, चांगला ठसठशीत, सातव्या घरात. आणि माझ्या पत्रिकेत मध्यस्थ नव्हता. बाबांनी तो कधी मांडलाच नाही. मला त्याचं काही वाटत नसे. मला तो ग्रहच मान्य नव्हता. आई मात्र अधूनमधून म्हणायची, ‘‘लोकांच्या पोट्ट्यांचं पाहता, घरच्या पोट्टीचं पाहा न.’’ बाबा पेपर वर धरत.

मग राज्य वेगळं झालं आणि रायपूर राजधानी झालं. एका रात्रीत, असं म्हणायची पद्धत आहे. आम्हाला ते कळायला बरेच महिने लागले. पाट्यांवरचं मध्यप्रदेश पुसून छत्तीसगढ लिहिलं गेलं. जुन्या इस्पितळाच्या इमारतीत मंत्रालय बसलं. ज्या रस्त्यावर गायी निवांत रवंथ करायच्या तिथे लाल दिव्यांच्या गाड्या भोंगे वाजवू लागल्या आणि गायींनी काही मनावर घेतलं नाही. इथल्या मराठी मंडळातल्या लोकांच्या आग्रहावरून बाबांनी नव्या राज्याची पत्रिका मांडली आणि तिच्यातही मध्यस्थ बसवला. आईने विचारलं, ‘‘याचं लगन कोणाशी लावून राहिले?’’ बाबा म्हणाले, राजधानी म्हटली की भांडणं आलीच, असू द्या.

राजधानीबरोबर नवे लोक आले. इंजिनिअर, नकाशे काढणारे, हिशेबनीस. भाड्याच्या खोल्यांना सोन्याचे दिवस आले. आमच्या वरच्या मजल्यावर अमरावतीकडचा एक तरुण इंजिनिअर राहायला आला. शहराबाहेर नवी राजधानी वसवायची होती, तिच्या रस्त्यांच्या आखणीवर तो होता. मराठी भाडेकरू मिळाला म्हणून आई खूश. तो जिन्यावरून उतरताना माझ्या हातातली उत्तरपत्रिकांची चळत पाहून काहीतरी चिडवायचा, मी काहीतरी फटकारायची. असं वर्ष गेलं. पुढचं सांगण्यासारखं नाही असं नाही, पण ते सगळ्यांचं सारखंच असतं. मी तिशी ओलांडली होती आणि लग्नाचा विषय घरात कोणी काढत नव्हतं. मला तो हवा होता. दुसरा कोणी नको, तोच.

त्याने सरळ सांगितलं. त्याचा पत्रिकेवर विश्वास नाही, पण आईचा आहे. वडील तो लहान असताना गेले. आईने एकटीने वाढवलं. ‘‘तिच्या मनाविरुद्ध नाही करणार मी,’’ तो म्हणाला. ‘‘तिला तुझ्या बाबांचा ग्रह माहीत आहे. भिलाईला माझी मावसबहीण आहे, तिचं त्या ग्रहावरच जमलं. तो असला तर आई एका पायावर तयार आहे.’’

म्हणजे अडचण काहीच नव्हती. बाबांनी फक्त ‘आहे’ म्हणायचं होतं, जे त्यांनी आजवर अर्ध्या रायपूरला म्हटलं होतं.

त्याची आई आली त्या दिवशी आमच्या आईने फरा केला होता. तांदळाच्या पिठाच्या वाफवलेल्या वळकट्या, वरून तीळ-मोहरीची फोडणी. शेजारणीकडून शिकलेला इथला पदार्थ. बाईंनी चवीने खाल्ला आणि कसा करतात ते विचारून घेतलं. ठेंगणी, सावळी, खणखणीत आवाजाची बाई. मला त्या तिथल्या तिथे आवडल्या, आणि त्यामुळे नकार आला तर तो जास्तच लागणार होता. मी दारात उभी होते. तो कोपऱ्यातल्या खुर्चीवर चपला न्याहाळत होता.

‘‘भाऊ,’’ त्या बाबांना म्हणाल्या, ‘‘मी पोरगी पाहायले नाही आली. पोट्ट्याले आवडली, मलेही आवडली. पण तुमच्यापासून काही लपवत नाही. माह्या पत्रिकेत मंगळ होता अन् माह्या बापानं तो लपवला. मले माहीत होतं, मी गप्प राहिली. हा दीड वर्षाचा होता तवा याचे बाबा गेले. लोक मले काही म्हणत नाहीत, पण मी रोज म्हणते. आता सुनेले मंगळ असला तरी चालते मले. फक्त तुमचा मध्यस्थ पाहिजे. भाचीले तुम्हीच काढून देल्ला होता. तिचा नवरा पाहा, कसा ठणठणीत आहे. तुम्ही हव म्हणा, मी तारीख घेऊनच जाते.’’

तो ‘हव’, म्हणजे ‘हो’, इथला होता, भिलाईच्या भाचीकडून उचललेला. बाईंनी तो मोठ्या हौसेने वापरला आणि बाबांकडे पाहिलं.

माझी पत्रिका बाबांच्या मांडीवर होती. त्यांनी ती उघडली नाही. आयुष्यात पहिल्यांदा मी त्या ग्रहाच्या बाजूने होते. म्हणा, मी मनात म्हणत होते, वक्री म्हणा, मार्गी म्हणा, काहीही म्हणा.

‘‘नाही,’’ बाबा म्हणाले.

‘‘म्हणजे दुसऱ्या घरात आहे?’’

‘‘ताई, तो कोणत्याच घरात नाही.’’

‘‘काहून?’’ बाईंना कळेना. त्यांचा आवाज एकदम बारीक झाला. आई पदराने हात पुसत थांबली. बाबांनी तोंड उघडलं आणि पुढचं वाक्य काय येणार हे मला स्पष्ट दिसलं. ते वाक्य आलं असतं तर माझं लग्न गेलंच असतं, पण भिलाईच्या भाचीची झोपही गेली असती, आणि ब्राह्मणपाऱ्यातल्या मुलीची, आणि आणखी कितीतरी जणींची.

‘‘आहे,’’ मी दारातून म्हटलं. सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी शाळेत बोलते त्या आवाजात बोलू लागले. ‘‘मंगळ आणि गुरूच्या मध्ये जागा रिकामी नाही. तिथे फुटलेल्या ग्रहाचे तुकडे आहेत. शास्त्रज्ञांनी पाहिलेत, मोजलेत. त्यातला सगळ्यात मोठा तुकडा गोल आहे, साडेचार वर्षांत सूर्याभोवती फेरी करतो. मी हे मुलांना शिकवते. बाबा नाही म्हणतात, कारण पत्रिका माझी आहे. घरच्या माणसासाठी आपणच कौल द्यायचा हे त्यांना पटत नाही.’’

‘फुटलेल्या’ हा एक शब्द सोडला, तर विज्ञानाचं सगळं खरं होतं. बाबांबद्दलचं मी अंदाजाने बोलले होते.

बाईंनी सुस्कारा सोडला. ‘‘मग ठीक आहे. डॉक्टरही आपल्या घरच्याले चिरत नाही,’’ त्या म्हणाल्या आणि मला जवळ बोलावून माझ्या हनुवटीला हात लावला. बोटं गार पडली होती त्यांची. मास्तरीण आहे, ही कशाला खोटं बोलेल, असं त्या आईला म्हणाल्या. बाबा माझ्याकडे पाहत होते. रागाने नाही. ते काही बोलले नाहीत, आणि त्या दिवशी त्यांनी माझ्यासाठी केलेली गोष्ट ती एवढीच.

पाहुणे गेल्यावर मी भडकले. मला खरोखर राग आला होता आणि वाईटही वाटलं होतं. जो ग्रह दुनियेच्या पोरींसाठी आठवड्यात पाच राशी धावतो, तो माझ्यासाठी जागचा हलत नाही?

बाबा शांतपणे म्हणाले, ‘‘दुसऱ्याच्या पोरीसाठी बोललं तर ती मदत होते. आपल्या पोरीसाठी बोललं तर लबाडी. अन् त्या बाईचं ऐकल्यावर तर माह्यी जीभच उचलली नाही.’’

‘‘मी उचलली,’’ मी म्हटलं.

‘‘हो. ऐकलं म्या.’’

लग्न झालं. चांगलं झालं. सासूबाई अमरावतीहून येत-जात राहिल्या आणि फरा करायला शिकल्या. बाबांनी पत्रिका करणं सोडलं. विचारणाऱ्याला डोळ्यांचं कारण सांगत. पण ग्रहाला आता बाबांची गरज उरली नव्हती. समता कॉलोनीत कॉम्प्युटरवर पत्रिका काढून देणारं एक दुकान निघालं होतं. मराठी गिऱ्हाईकं तिथेही मध्यस्थ मागू लागली, तेव्हा दुकानदाराने एक चौकट करून टाकली आणि प्रत्येक पत्रिकेत तिच्यात ‘शुभ’ छापायला सुरुवात केली. एका पंडिताने मला सांगितलं की मध्यस्थाचा उल्लेख फार जुन्या ग्रंथात आहे आणि त्याचा रंग धुरकट आहे. तो ग्रंथ कोणता, ते त्याला आत्ता आठवत नव्हतं. मंगळवारी लाखोळीचं दान करणाऱ्या बायका मी देवळाबाहेर स्वतः पाहिल्या आहेत. त्यांतली एक मराठी नव्हती. शास्त्रज्ञांनी त्या सुमारास तिथल्या सगळ्यात मोठ्या खडकाला बढती देऊन बटुग्रह केलं. मी बाबांना बातमी वाचून दाखवली. ‘‘देर आए,’’ ते म्हणाले, आणि पुढचं पान वाचायला सांगितलं.

पुढे बाबांची साखर फार वाढली. समता कॉलोनीतल्या डॉक्टरांनी गोळ्या दिल्या आणि उपाशी राहायचं नाही अशी ताकीद दिली. तरी दर आठवड्याला एकदा त्यांना घाम फुटायचा, हात थरथरायचे. आईने मला बोलावून घेतलं आणि सांगितलं, की हे मंगळवारी जेवत नाहीत. तुझ्या लग्नापासून. खातात ते एक वेळ, तेही अळणी. सांगू नको म्हणाले होते.

मी खुर्ची ओढून त्यांच्यासमोर बसले.

‘‘बाबा, काहून करून राहिले हे?’’

‘‘जावयासाठी.’’

‘‘जावयाले काय झालं?’’

‘‘काही झालं नाही न. म्हणूनच.’’

‘‘तुम्हीच म्हटलं होतं न, तसा काही ग्रह नाही म्हणून? सासूबाईंसमोर म्हटलं होतं.’’

बाबांनी माझ्याकडे पाहिलं. वर्गात ढ मुलाकडे मी पाहते तसं.

‘‘मध्यस्थ नाही म्हटलं होतं,’’ ते म्हणाले. ‘‘मंगळ नाही असं म्या कधी म्हटलं?’’

इतकी वर्षं मी त्यांना ग्रह झालाच नव्हता हे पटवत होते, आणि ते त्यांना पहिल्या दिवसापासून पटलेलं होतं. मंगळावर मात्र त्यांचा पुरा विश्वास होता. ब्राह्मणपाऱ्यातल्या मुलीला त्यांनी ‘जा, कर लग्न’ म्हटलं तेव्हा ते एका परक्या मुलाचा जीव धोक्यात घालत होते, निदान त्यांच्या लेखी. सकाळच्या पूजेला त्यांना एवढा वेळ का लागतो हे मी तेव्हा विचारलं. ते म्हणाले, सगळ्या जावयांची नावं घ्यावी लागतात. त्यांच्यासाठी नाव पुरतं. आपल्या घरच्यासाठी पोटाला चिमटा हवा. भिलाईचा तो ठणठणीत नवरा, त्याचंही नाव रोज.

मला त्यांची दया आली, आणि भीतीही वाटली. असं ओझं घेऊन माणूस रोज पेपर वाचतो, चहात साखर नाही म्हणून कुरकुरतो, आणि घरात कोणाला कळत नाही.

‘‘उपास मी धरते,’’ मी म्हटलं. ‘‘तुम्ही जेवा.’’

‘‘तू मानत नाहीस.’’

‘‘मी मानायची काय गरज? पोट माझंच रिकामं राहील न?’’

त्यांनी यावर बराच विचार केला. रेल्वेच्या माणसाला ड्यूटी दुसऱ्याच्या हाती सोपवताना लागतो तितका वेळ त्यांनी घेतला. मग विचारलं, ‘‘साबुदाणा चालणार नाही. अळणी, एक वेळ. पुढं कंटाळशील?’’

‘‘नाही कंटाळणार.’’

पुढच्या मंगळवारी मी त्यांच्याकडे गेले. ते जेवत होते आणि मी समोर बसले होते. वरण-भात, दोडक्याची भाजी. दोन घास झाले की ते माझ्याकडे बघत, मी खरंच काही खात नाही ना म्हणून. मग तिसरा घास घेत. त्यांना मी कित्येक वर्षांत इतकं नीट जेवताना पाहिलं नव्हतं. मी नवऱ्याला सगळं सांगितलं. तो खूप हसला, आणि मग त्याने विषय बदलला.

दोन वर्षं बाबा मंगळवारी जेवले. मग एका उन्हाळ्यात, काही फार न भोगता, गेले.

सुतकाचे दिवस सरले. त्यानंतरच्या पहिल्या मंगळवारी नेहमीसारखा स्वयंपाक झाला. माझा नवरा साडेनऊला जेवून नव्या राजधानीकडे निघतो. तिथपर्यंतचा रस्ता रुंद, सरळ आणि रिकामा, म्हणून सगळे गाड्या बेफाम हाकतात. त्या दिवशी त्याने आपलं ताट झाल्यावर माझंही वाढलं आणि मला हाताला धरून बसवलं.

‘‘आता बस झालं,’’ तो म्हणाला. ‘‘बाबांनी जेवावं म्हणून होतं ते. आता कोण पाहतंय?’’

बरोबर होतं. मी हेच म्हणाले असते. मंगळ म्हणजे गंजलेल्या मातीचा एक थंड गोळा. त्याला माझ्या घराचा पत्ता माहीत नाही. हे मी दरवर्षी नववीला शिकवते. मी भात कालवला. वरणात मीठ होतं, आणि वरणाचा वासही मला येत होता. त्याने बूट घातले, हेल्मेट हातात घेतलं आणि येतो म्हणाला. मी घास उचलला. दाराबाहेर मोटरसायकल सुरू झाली.

मी घास खाली ठेवला आणि ताट झाकलं. गाडीचा आवाज वळणावर संपला, तरी मी तशीच बसले होते. बाबा असते तर माझ्या जागी तेच उपाशी राहिले असते, आणि मी त्यांच्यावर ओरडले असते.

तो संध्याकाळी घरी आला. हेल्मेट खुंटीला लावलं, भूक लागली म्हणाला. तेव्हा मी जेवले, अळणी.